उशीर कोणाचा मोजायचा? : अनुकंपा नियुक्ती आणि विलंब

आयुष्यभर तत्त्वज्ञान शिकवलेल्या माणसाने सरकारी नोकरीच्या अर्जांवर काय बोलायचं, असं तुमच्यापैकी काहींच्या मनात आलं असेल. मागे साताऱ्यात हाच विषय मांडला तेव्हा एका गृहस्थांनी उठून विचारलंच, "सर, यात तत्त्वज्ञान कुठं आलं?" त्यांना जे उत्तर दिलं तेच आज सांगलीत जरा सविस्तर देतो. पण त्याआधी एक कबुली द्यायची आहे, कारण या विषयाकडे मी पुस्तकातून आलेलो नाही. माझ्याच एका चुकीतून आलो.

साधारण पंचवीस वर्षांपूर्वीची गोष्ट. माझ्या वर्गात तासगाव तालुक्यातला एक मुलगा होता. नाव सांगत नाही. वडील एका सरकारी कार्यालयात शिपाई होते, नोकरीत असतानाच गेले. तेव्हा हा पंधरा वर्षांचा. आई निरक्षर. धाकटी बहीण होती. बारावी झाल्यावर तो कॉलेजात आला आणि एक दिवस स्टाफरूमच्या दाराशी उभा राहून म्हणाला, "सर, वडलांच्या जागी अर्ज करता येतो म्हणतात. करू का?" मी काय सांगितलं असेल? कर्मवीरांच्या मुलखात वाढलेला माणूस मी. शिक्षण म्हटलं की बाकी सगळं मागे. मी म्हणालो, "अरे, शिपाई होऊन काय करणार? आधी पदवी घे. नोकरी कुठं पळून जाते?"

नोकरी पळून गेली. त्याने बी.ए. केलं आणि मग अर्ज केला. तोवर अठरा पूर्ण होऊन तीन वर्षांवर काळ उलटला होता. पुष्कळ दिवसांनी उत्तर आलं, तो कागद घेऊन तो माझ्याकडे आला. मजकुराचा आशय दोन वाक्यांत सांगतो. अर्ज मुदतीत नाही. आणि कुटुंबाने इतकी वर्षे उदरनिर्वाह केलेला आहे, सबब तातडीची निकड दिसून येत नाही.

पहिल्या वाक्यात माझी चूक होती. दुसऱ्या वाक्यात एक अनुमान होतं, आणि ते तेव्हापासून माझ्या डोक्यात बसलं आहे. 'तुम्ही तगलात, म्हणजे तुम्हाला गरज नव्हती.' हे अनुमान बरोबर आहे का? साताऱ्याच्या गृहस्थांना मी म्हणालो, तत्त्वज्ञान इथं आलं.

आता आधी कायदा नीट समजून घेऊ. रागाने बोलायला सगळ्यांनाच येतं. आपण आधी समोरची बाजू जास्तीत जास्त मजबूत करून मांडू आणि मग तपासू.

अनुकंपा नियुक्ती म्हणजे काय? सरकारी कर्मचारी सेवेत असताना मरण पावला, तर त्याच्या कुटुंबातल्या एका पात्र व्यक्तीला, नेहमीची भरतीची स्पर्धा बाजूला ठेवून, गट क किंवा गट ड मधल्या पदावर घेण्याची योजना. लोक तिला सर्रास 'वारसा हक्काची नोकरी' म्हणतात. इथंच पहिला घोटाळा होतो.

राज्यघटनेचा सोळावा अनुच्छेद म्हणतो, सरकारी नोकरीत सर्वांना समान संधी. म्हणजे जागा निघाली की जाहिरात, अर्ज, परीक्षा, गुणवत्ता. अनुकंपा हा या नियमाला केलेला अपवाद आहे. तो अपवाद का टिकतो? सर्वोच्च न्यायालयाने ४ मे १९९४ रोजी उमेशकुमार नागपाल विरुद्ध हरियाणा राज्य या प्रकरणात याचं उत्तर दिलं, आणि आज तीस वर्षांनंतरही या विषयावरचा जवळजवळ प्रत्येक निकाल तिथूनच सुरू होतो. न्यायालय काय म्हणालं ते माझ्या शब्दांत सांगतो. कमावता माणूस अचानक गेला की घर कोसळतं. त्या अचानक आलेल्या संकटातून कुटुंबाला निभावून नेणं, एवढाच या योजनेचा हेतू. मृत्यू झाला म्हणून नोकरी, असं नाही; कुटुंबाची आर्थिक स्थिती तपासावी लागते. आणि वाजवी काळ लोटल्यावर, संकट सरल्यावर, कधीही वापरायचा हा राखून ठेवलेला हक्क नाही.

त्याच वर्षी, २६ ऑक्टोबर १९९४ रोजी, महाराष्ट्र शासनाने अनुकंपा नियुक्तीची सुधारित योजना काढली. त्यानंतर इतके आदेश निघाले की २१ सप्टेंबर २०१७ ला ते सगळे एकत्र करून एक संकलित शासन निर्णय काढावा लागला. त्यातून दिसणारी वर्षानुवर्षांची मूळ चौकट अशी. मृत्यूपासून एका वर्षात अर्ज. वारस अज्ञान असेल तर तो अठरा वर्षांचा झाल्यापासून एका वर्षात. पुढे उशीर माफ करण्याची वाट ठेवली गेली, पण तीही ठरावीक काळापुरती, आणि कारण पटवून द्यावं लागतं. अर्ज मान्य झाला की नाव प्रतीक्षासूचीत जातं. मग रिक्त पदांच्या ठरावीक टक्क्यांपुरत्याच नियुक्त्या होतात. ही टक्केवारी पाचवरून दहा आणि दहावरून वीस अशी वाढवत नेलेली आहे. आणि सूचीत थांबता थांबता उमेदवाराने पंचेचाळिशी गाठली, की नाव सूचीतून कमी होतं.

आता विचारा, न्यायालय एवढं कठोर का? मी सांगलीकरांना सांगलीचंच उदाहरण देतो. २००५ चा पूर तुम्ही पाहिलात, २०१९ चाही पाहिलात. ऑगस्ट २०१९ मध्ये आयर्विन पुलाशी कृष्णेचं पाणी ५७ फुटांवर गेलं होतं. घराच्या गच्चीवर माणसं अडकलीत, तिथं बोट पाठवायची. बोटीत कुणाला आधी घ्यायचं? गच्चीवर कोण आहे ते बघून. तिथं आपण रांग लावत नाही, परीक्षा घेत नाही. संकट आहे म्हणून नेहमीचा नियम बाजूला ठेवतो. पण पूर ओसरल्यावर, तीन वर्षांनी, कुणी म्हणालं, "त्या वेळी मला बोट मिळाली नव्हती, आता द्या," तर? ती बोट देणं हा बचाव होत नाही.

आणि दुसरी गोष्ट, जी आपण विसरतो. अनुकंपेने दिलेली प्रत्येक जागा कुणाच्या तरी वाट्यातून जाते. जत तालुक्यातली एखादी मुलगी सांगलीत खोली घेऊन चार वर्षं स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करते आहे. तिच्याही घरी कोरडवाहू शेती आणि कर्ज आहे. पण अनुकंपेच्या फाइलवर तिचं नाव कुठंच नसतं. ती त्या खटल्यातली गैरहजर पक्षकार आहे. न्यायाधीशाला तिची आठवण ठेवावी लागते, कारण दुसरं कुणी ठेवत नाही.

आपल्या मुलखाला तर हे विशेष कळायला हवं. पिढीजात नोकरी म्हणजे काय, हे सातारा-सांगलीने वतनाच्या रूपात पाहिलं आहे. पाटीलकी पाटलाच्या घरात, कुलकर्णीपण कुलकर्ण्याच्या घरात, आणि महारकीची राबणूक महाराच्या घरात. बाप गेला की मुलगा. डॉ. आंबेडकरांनी १९२८ मध्ये मुंबई विधिमंडळात वतन कायद्यात दुरुस्ती करणारं विधेयक मांडलं ते याच जोखडाविरुद्ध. स्वातंत्र्यानंतर १९५० च्या कायद्याने कुलकर्णी वतनं गेली, १९६२ च्या कायद्याने वंशपरंपरागत पाटीलकी गेली. एवढ्या खटपटीने जे बंद केलं, ते 'बापाची जागा' या शब्दांनी मागच्या दाराने परत यायला नको. म्हणून मी माझ्या विद्यार्थ्यांना सांगतो, 'वारसा हक्क' हा शब्दच वापरू नका. तो वापरलात की तुमची बाजू दुबळी होते. वारसा काळाने संपत नाही, मदतीची निकड मात्र काळाबरोबर उतरत जाते. तुम्ही मदत मागताय. (सफाई कामगारांच्या वारसांसाठी लाड-पागे समितीच्या शिफारशींवरची वेगळी व्यवस्था आहे. तिचं कारण वेगळं, इतिहास वेगळा. ती इथं मिसळू नका.)

इथपर्यंत मी न्यायालयाच्या बाजूने बोललो, आणि मनापासून बोललो. आता दुसरी बाजू.

'तुम्ही तगलात, म्हणजे गरज नव्हती.' हे अनुमान तपासू. तर्कशास्त्राच्या वर्गात मी विचारायचो, या दोन विधानांच्या मध्ये कोणतं न बोललेलं विधान लपलं आहे? इथं लपलेलं विधान असं आहे : 'ज्याला खरी गरज असते तो मदतीशिवाय जगू शकत नाही.' हे खोटं आहे. माणसं मदतीशिवाय जगतात. प्रश्न असतो तो कशाची किंमत मोजून जगतात याचा.

त्या मुलाचं घर कसं तगलं? आई द्राक्षबागेत विरळणीला जायची, छाटणीच्या दिवसांत काड्या गोळा करायची. हंगाम नसला की दुसऱ्याच्या रानात खुरपणी. हा सुट्टीत बेदाण्याच्या शेडवर. आणि बहीण? नववीतून शाळा सोडली. तिचं लग्न लवकर झालं. हे मला तो कागद आल्यावर कळलं. त्याआधी तीन वर्षं तो माझ्या वर्गात बसत होता, मी त्याला कांट शिकवत होतो, आणि 'तुझी बहीण काय करते' हे मी विचारलं नव्हतं. तेव्हा, कुटुंबाने उदरनिर्वाह केला हे खरं, पण तो बहिणीच्या दप्तरावर केला. कागदावर तेवढं लिहिलेलं नव्हतं.

म्हणजे न्यायालयाचं तत्त्व चूक आहे असं मी म्हणतोय का? नाही. तत्त्व बरोबर, त्यातून काढलेला पुरावा मात्र तपासून घ्यायला हवा, एवढंच म्हणतोय. नागपाल निकाल स्वतःच सांगतो की आर्थिक स्थिती तपासा. तपासा म्हणजे वर्षं मोजून मोकळं होणं नव्हे. घरात कोण शिकायचं थांबलं, कर्ज किती झालं, काय विकलं, हे बघणं. ॲरिस्टॉटलने नीतिशास्त्राच्या पाचव्या भागात एक छान उदाहरण दिलं आहे. लेस्बॉस बेटावरचे गवंडी ओबडधोबड दगड मोजायला शिशाची पट्टी वापरत. शिसं वाकतं, दगडाच्या आकाराला चिकटतं. लोखंडी पट्टीने सरळ भिंत मोजता येते, वाकडा दगड मोजता येत नाही. कायद्याच्या सामान्य नियमाला प्रत्येक प्रकरणाशी असं जुळवून घेणं, याला आपल्याकडे समन्याय म्हणतात. आणि सामान्य नियमाला अपवाद म्हणून जन्मलेली योजना जर लोखंडी पट्टीने मोजायची ठरवली, तर ती कशाला काढली?

आता माझ्या आजच्या मुख्य मुद्द्याकडे येतो. विलंब एकच नसतो, दोन असतात. अर्जदाराचा आणि कार्यालयाचा. पहिला दिवसागणिक मोजला जातो. दुसऱ्याचं काय?

पुराच्या उदाहरणाकडे परत चला. गच्चीवरच्या माणसाने हाकच मारली नाही, तर बोट न येण्याचा दोष कुणाला देणार? पण त्याने पहिल्याच दिवशी हाक मारली, आणि नावाडी चार दिवसांनी आला. तोवर तो माणूस गळाभर पाण्यातून पोहत कसाबसा काठाला लागला. आता नावाडी म्हणतो, "तू तर वाचलास, तुला बोट कशाला?" हे चालेल का? उशीर ज्याने केला त्यालाच त्या उशिराचा फायदा देता येत नाही. हे कुठलंही न्यायशास्त्र मान्य करेल.

आणि सर्वोच्च न्यायालयाने हेही सांगितलेलं आहे, बरं का. १९८९ मध्ये, म्हणजे नागपालच्या आधी पाच वर्षं, सीमा सडक विभागातल्या एका मृत भांडारपालाच्या पत्नीचं प्रकरण आलं. तिने पतीच्या मृत्यूनंतर लगेच अर्ज केला होता. फाइल वर्षानुवर्षं पडून राहिली, मध्येच नियम बदलला आणि तिला नकार आला. न्यायालयाने तिला नोकरी द्यायला लावली आणि म्हटलं, अनुकंपेच्या नेमणुकीत उशीर होताच कामा नये. पद नसेल तर जादा पद निर्माण करा. अगदी अलीकडे, मे २०२२ मध्ये, ओडिशातल्या एका प्रकरणात न्यायालयाने स्पष्ट केलं की असे अर्ज लवकरात लवकर आणि जास्तीत जास्त सहा महिन्यांत निकाली काढले पाहिजेत. का? तर अचानकच्या संकटात मदत करणं हाच हेतू आहे म्हणून. पाहा, 'तातडी' हा शब्द अर्जदाराला बांधतो तसाच कार्यालयालाही बांधतो. एकच तत्त्व, दोन्हीकडे लागू.

पण व्यवहारात काय दिसतं? ४ ऑक्टोबर २०२५ रोजी राज्यात एकाच दिवशी पाच हजारांहून अधिक अनुकंपा उमेदवारांना नियुक्तिपत्रं दिली गेली. आनंदच आहे. पण मी शिक्षक, मला उलटा प्रश्न पडतो. इतके लोक एका दिवशी मिळाले, म्हणजे ते कुठंतरी रांगेत उभे होते. ज्या योजनेचा प्राण तातडी आहे, तिची प्रतीक्षासूची असणं हाच विरोधाभास नाही का? एक वर्षाच्या आत अर्ज केला नाही तर निकड संपली म्हणायचं, आणि सूचीत दहा वर्षं थांबलेल्याची निकड टिकली म्हणायचं?

इथं मला सांगली जिल्ह्याचाच एक मोठा माणूस आठवतो. वि. स. पागे. विधान परिषदेचे सभापती, आणि रोजगार हमी योजनेचे जनक. या योजनेच्या जन्माशी तासगाव तालुक्यातल्या विसापूरचं नाव जोडलेलं आहे. १९७७ साली महाराष्ट्राने तिचा कायदा केला. त्या कायद्यात एक साधी गोष्ट आहे. काम मागणाऱ्याने अर्ज केला, की पंधरा दिवसांत काम द्यायचं. नाही दिलं, तर सरकारने बेकारी भत्ता द्यायचा. भत्ता किती तुटपुंजा होता हा वेगळा विषय. पण तत्त्व बघा. तिथं घड्याळ सरकारच्या मनगटावर बांधलेलं आहे. खडी फोडणाऱ्या बाईसाठी आपण हे पन्नास वर्षांपूर्वी करू शकलो. मग स्वतःच्याच सेवेत मरण पावलेल्या शिपायाच्या बायकोसाठी का करू नये?

तुम्ही म्हणाल, नवीन कायदा हवा. मला वाटतं, आधी आहेत ते वापरा. २००५ चा आपल्या राज्याचा एक कायदा आहे, नाव लांबलचक आहे, लोक त्याला 'दप्तर दिरंगाई कायदा' म्हणतात. त्यानुसार कुठल्याही सरकारी कर्मचाऱ्याकडे फाइल साधारणपणे कामकाजाच्या सात दिवसांपेक्षा जास्त पडून राहता कामा नये. आणि अनुकंपेच्या शासन आदेशांनीच कार्यालयावर जबाबदारी टाकली आहे, की कर्मचारी वारल्यावर कुटुंबाला या योजनेची, मुदतीची माहिती द्यायची. त्या मुलाच्या आईला ही माहिती कुणी दिली होती? तिने स्वतः अर्ज करायचा होता, पत्नी म्हणून ती पहिली पात्र होती, हेच तिला कळलं नाही. पोरगा मोठा झाला की बघू, एवढंच तिला लोकांनी सांगितलं. तेव्हा जिथं माहिती दिल्याची पोच फाइलला नाही, तिथं अर्जदाराचा उशीर मोजायच्या आधी कार्यालयाचा मोजा. माझं म्हणणं एवढंच आहे. दया मागत नाही मी. घड्याळ दोघांच्या हाताला बांधा, म्हणतोय.

'अनुकंपा' हा शब्दही हेच सांगतो. कंप म्हणजे थरथर. अनु म्हणजे मागोमाग, सोबत. दुसरा थरथरला की आपणही थरथरणं. बौद्ध परंपरेत 'लोकानुकंपा' हा फार मोलाचा शब्द आहे. जो सोबत थरथरतो तो दहा वर्षांनी थरथरत नाही.

आता व्यवहाराचं बोलतो, कारण ऐकणाऱ्यांत अशा घरातली माणसं असतील. पाच गोष्टी लक्षात ठेवा.

एक. नियम बदलत राहतात. १७ जुलै २०२५ ला शासनाने सुधारित धोरण काढलं आहे, ते मिळवून वाचा. पण सवलत कितीही असो, आपल्यापुरती मुदत एक वर्षच समजा. वर्षश्राद्धाच्या आत अर्ज गेला पाहिजे.

दोन. अर्ज कोण करणार हे घरात आधी ठरवा. पत्नी पात्र असेल तर मुलगा मोठा होण्याची वाट बघू नका. मुलांसाठी जागा राखून ठेवली जात नाही. नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयात हरियाणातलं प्रकरण होतं. वडील पोलीस शिपाई, १९९७ मध्ये कर्तव्यावर असताना गेले. मुलगा सात वर्षांचा. सज्ञान झाल्यावर त्याने अर्ज केला, आणि न्यायालयाने नाही म्हटलं. आईला आर्थिक साहाय्याचा मार्ग तेवढा खुला करून दिला. महाराष्ट्रात अज्ञान वारसाला अठरा ते एकोणीस हे वर्ष दिलेलं आहे. ते हातचं घालवू नका.

तीन. अर्ज तोंडी नसतो. मृत्यूचा दाखला, वारसाचा दाखला, इतर वारसांचं नाहरकत, शिक्षणाची आणि वयाची कागदपत्रं जोडून द्या, आणि आवक क्रमांक घातलेली पोच घ्या. ती पोच म्हणजे तुमचं घड्याळ. ती नसेल तर उद्या उशीर तुमचाच ठरेल.

चार. नाव सूचीत गेलं की क्रमांक विचारत राहा. जिल्हाधिकारी कार्यालयाकडे सामायिक सूची असते. उत्तर मिळत नसेल तर माहिती अधिकारात मागा, तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं.

पाच. हे सगळ्यांत महत्त्वाचं. नकार आला तर स्मरणपत्रं देत बसू नका. स्मरणपत्राने मुदत वाढत नाही. राज्य सरकारी कर्मचाऱ्यांची प्रकरणं महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये जातात, आणि अंतिम नकारापासून एका वर्षात तिथं जावं लागतं. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांना उच्च न्यायालय. ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं खंडपीठ कोल्हापुरात बसतं आहे. सातारा-सांगलीच्या माणसाला आता मुंबईची गाडी पकडायची गरज उरली नाही.

वेळ संपत आली आहे. दोन प्रश्न घेतो.

पहिला प्रश्न एका ताईंनी चिठ्ठीवर पाठवलाय : लग्न झालेल्या मुलीला मिळतं का? महाराष्ट्रात २०१३ च्या शासन निर्णयाने विवाहित मुलीलाही ठरावीक परिस्थितीत पात्र धरलं आहे. पण अवलंबून असणं दाखवावं लागतं. २०२२ मध्ये आपल्याच राज्यातलं एक प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. आई अनुकंपेवर नोकरीला लागली होती, ती २०१२ मध्ये वारली, मग विवाहित मुलीने मागणी केली. न्यायालयाने नाकारली. ती आईवर अवलंबून होती असं म्हणता येत नाही आणि मृत्यूला बरीच वर्षंही लोटली, ही कारणं दिली. म्हणजे मुलगी म्हणून दार बंद नाही, पण उशीर आणि अवलंबन हे दोन प्रश्न तिलाही चुकत नाहीत.

दुसरा प्रश्न : सूचीत आईचं नाव आहे, तिला आता काम झेपणार नाही, मुलाचं घालता येईल का? पूर्वी, सूचीतला उमेदवार मरण पावला तरच नाव बदलायचं, असा नियम होता. यावर बरीच वर्षं वाद झाले. मे २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने नावबदलाच्या बाजूने निर्णय दिला आणि २०२५ च्या धोरणात ती वाट आली. तेव्हा लेखी अर्ज करा, आणि आई पंचेचाळिशीला पोचायच्या आत करा.

मला कुणीतरी तिसरंही विचारतंय, त्या मुलाचं पुढं काय झालं? तो आता टेम्पोवर असतो, हंगामात द्राक्षं घेऊन जातो. बरं चाललंय त्याचं. मुलगी शिकते आहे. मागच्या वर्षी भेटला तेव्हा मी त्याची क्षमा मागितली. तो म्हणाला, "जाऊ द्या सर, तुम्ही चांगलंच सांगितलं होतं." चांगलंच सांगितलं होतं हे खरं. पण योग्य वेळी काय सांगायचं ते मला माहीत नव्हतं, आणि माहीत करून घ्यायचं मला सुचलंही नाही. त्याची बहीण भेटली असती तर ती काय म्हणाली असती, ते मला सांगता येत नाही.

म्हणून एक विनंती करून थांबतो. आपण सगळे कुणा ना कुणाच्या घरी दहाव्याला, तेराव्याला जातो. बसतो, दोन शब्द बोलतो, उठतो. गेलेला माणूस सरकारी नोकरीत होता असं कळलं, तर उठण्याआधी घरातल्या कर्त्या माणसाला बाजूला घ्या आणि हळू आवाजात एवढंच विचारा, "अर्जाचं काही बघितलंत का? वर्षाच्या आत करायचा असतो." त्या वेळी ते बोलणं थोडं अवघड वाटेल. तरी बोला.